आयांचा कप्पा

४ मार्च

प्रिय घुम्या,

अनेक आशीर्वाद. जिवंत बाईचे आहेत, तेव्हा बिनधास्त घे.

काल दुपारी चहाचा कप घेऊन टीव्हीसमोर बसले, तर पडद्यावर मी! म्हटलं, वा, कुणाला तरी जुना सिनेमा दाखवायची बुद्धी झाली. तेवढ्यात तुझं ते व्हायोलिन सुरू झालं आणि मागून तुझाच आवाज, घसा चांगला खाली नेऊन: ‘आज पडद्यावरची एक आई आपल्याला सोडून गेली.’ मी कप खाली ठेवला आणि आधी स्वतःची नाडी पाहिली. खोटं नाही सांगत. मेलेल्या नटनट्यांवर कार्यक्रम करण्यात तुझा हात धरणारा कुणी नाही. क्षणभर वाटलं, घुम्या म्हणतोय म्हणजे गेलीच असेन.

कार्यक्रम संपायच्या आत बेल वाजली. खालच्या मजल्यावरचे दातांचे डॉक्टर फुलं घेऊन दारात. दार मीच उघडलं. जन्मभर दुसऱ्यांना ‘आ करा’ म्हणणारा माणूस, त्याचाच आ वासलेला राहिला. फुलं ठेवून घेतली मी. छान होती. मग फोन सुरू झाले. दर वेळी मीच उचलायचा आणि समोरच्याचं सांत्वन करायचं. संध्याकाळी तुमच्या चॅनेलने पडद्याखालून माफीची पट्टी सोडली, तीही इतकी भराभर की माझं नाव वाचेपर्यंत मी पुढे सरकून गेले होते.

तर तू मला मारलंस याचा मला राग नाही. चूक झाली असेल, होते. राग आहे तो तू काय दाखवलंस याचा. मी खिडकीत रडतेय. मी स्टेशनवर रडतेय. मुलगा आला म्हणून रडतेय, आला नाही म्हणून रडतेय. शेवटी तुझ्या पद्धतीप्रमाणे चित्र थांबलं, तर गालावर हा एवढा मोठा थेंब! अरे, अर्ध्या तासात एकदा तरी तुझी मावशी हसली का?

माझा नळाचा सिनेमा तू विसरलास? घरमालक घराची पाहणी करायला येतो, त्याच वेळी स्वयंपाकघरातला नळ फुटतो आणि ही बाई पाठीने नळ दाबून धरते अन् पुढून मालकाला हसत हसत चहा देते. लोक खुर्च्यांवरून घसरायचे. त्यातली एक झलक नाही?

मला असं जायचं नाही, घुम्या. जाईन तेव्हा नळ धरून जाईन. कार्यक्रम पुन्हा कर.

आणि फोन करू नकोस. फोनवर ‘हो मावशी, हो मावशी’ करून सुटतोस. लिहून दे.

तुझी (अजून तरी)
मावशी


८ मार्च

ती. मावशीस,

कान धरून माफी मागतो. परवा समोर येऊन मागितली तेव्हा तू दारातूनच ‘लिहून दे’ म्हणालीस, म्हणून पुन्हा एकदा, लेखी.

झालं ते असं. आमच्याकडे कार्यक्रम आधीच करून ठेवावे लागतात. माणूस सकाळी जातो आणि चॅनेलला दुपारी कार्यक्रम हवा असतो. म्हणून माझ्या ऑफिसात एक कपाट आहे. वरचा कप्पा नायकांचा, त्याखाली खलनायक, मग विनोदी नट आणि सगळ्यात खाली आया. त्या दिवशी दुसऱ्याच एक बाई गेल्या. त्याही पडद्यावर जन्मभर आईच होत्या. मी बाहेरगावी होतो. ड्युटीवरच्या माणसाने आयांच्या कप्प्यातली टेप काढली, सुरुवात लावून पाहिली, तर खिडकीत रडणारी आई. त्याला वाटलं, हीच. त्याचंही काय चुकलं? त्या कप्प्यातल्या प्रत्येक टेपची सुरुवात खिडकीतच होते.

चॅनेलने फार मनावर घेतलेलं नाही, तू काळजी करू नकोस.

आता नळाचं. मावशी, रागावणार असशील तर रागाव, पण माझं काम मला कळतं. जुन्या सिनेमावर प्रेम करणं सोपं असतं, तो लोकांना दाखवणं अवघड. ओल्या गोदामांत चिकटून बसलेली रिळं मी स्वतः सोडवली आहेत. ज्या नटांची नावं त्यांचे नातू विसरले, त्यांना मी घराघरात परत नेलं. दिग्दर्शक मी, निर्माता मी, लोकांच्या शिव्या खाणाराही मीच. आता तर असं झालंय की घुम्याने निरोप दिला नाही तर नट गेल्यासारखाच वाटत नाही. हे मी म्हणत नाही, लोक म्हणतात.

आणि लोकांना तुझं रडणं हवं असतं. तुला रडताना पाहून त्यांना त्यांची आई आठवते. नळाच्या सिनेमाचं एकही रीळ उरलेलं नाही. मी शोधलं होतं. त्याचं गोदाम केव्हाच जळून गेलं. एक फोटो आहे, त्यातही तुझं अर्धं डोकं कापलेलं. आणि जे मुळात नाही ते नव्याने बनवून दाखवायचं नाही, हा माझा पहिल्या कार्यक्रमापासूनचा नियम आहे.

रडणारी का होईना, लोकांच्या मनात आहेस. किती जणींच्या नशिबी असतं हे?

तुझा
घुम्या


१३ मार्च

प्रिय घुम्या,

पत्र मिळालं. अक्षर अजून शाळेतल्यासारखंच गिचमिड आहे आणि अक्कलही.

आता तुला एक सांगते, ते नीट वाच. तू तेव्हा फार लहान होतास.

नळाचा सिनेमा चालू होता तेव्हा तुझे काका ऑफिस सुटलं की थेट थिएटरात जायचे. मागच्या रांगेत बसायचे. त्यांना माझा सिनेमा पाहायचा नसायचा, तो तर पाठ झाला होता. लोक कसे हसतात ते पाहायचं असायचं. घरी येऊन मला सांगायचे, आज एक जाडा गृहस्थ चष्मा पडेपर्यंत हसला, आज एका बाईला तिच्या नवऱ्याने बाहेर नेऊन पाणी पाजलं. इतका आनंद त्यांना त्यांच्या बढतीचाही झाला नव्हता.

सिनेमा उतरायच्या आत ते गेले. ऑफिसात, टेबलावर डोकं ठेवून.

पुढच्या सिनेमाचं बोलणं झालेलं होतं, तोही विनोदीच. निर्माता घरी आला, चहा घेतला आणि म्हणाला, ‘बाई, आता तुम्हाला हसताना पाहून लोकांना कसंसंच होईल. तुमच्या चेहऱ्याला आता दुःख शोभतं.’ मला काम हवं होतं. काम नसतं तर त्या घरात मला वेड लागलं असतं. मी हो म्हटलं. त्या माणसाने माझ्या हातात जो रुमाल दिला तो पुढे कुणी काढूनच घेतला नाही. ज्या नायकांची मी आई झाले त्यातले निम्मे माझ्याहून वयाने मोठे होते, मेले!

खरी रडले ती न्हाणीघराचं दार लावून. पडद्यावरचं सगळं ग्लिसरीन. ते तू अर्धा तास दाखवलंस आणि म्हणतोस, लोकांच्या मनात आहेस. कोण आहे त्यांच्या मनात? मी ओळखत नाही तिला. तुझ्या काकांनी पाहिलेली जी मी आहे, ती त्या नळापाशी उभी आहे. तीच पुसून गेली तर त्यांची बायको राहिली कुठे?

राहता राहिला तुझा नियम. रीळ जळलं, मी नाही जळले. मला तो प्रसंग पापणी हलवण्यासकट पाठ आहे. पुढच्या गुरुवारी सकाळी तुझ्या स्टुडिओत येते. एक नळ लावून ठेव, त्याला खरं पाणी हवं. एक कप, एक बशी, मोठा ट्रे. घरमालकाचं काम करायला कुणी नसेल तर तू आहेसच. तुला संवाद नाहीत, नुसतं गंभीर तोंड करून बसायचं आहे. जन्मभर तेच करत आलायस.

मावशी


२७ मार्च

ती. मावशीस,

स्टुडिओ अजून पुसतोय. दिव्यांचा माणूस म्हणतो, पुन्हा त्या बाई येणार असतील तर आधी सांगा, मी वायरी छताला बांधतो.

तू निघून गेलीस म्हणून तुला माहीत नाही, मागे काय झालं ते लिहितो. तुझा तो प्रसंग चालू असताना मी कॅमेऱ्याकडे पाठ करून बसलो होतो. मला फक्त तू दिसत होतीस. पाणी तुझ्या पाठीवरून, कोपरातून, शेवटी बाहीतून थेट बशीत पडायला लागलं आणि तू ती बशी माझ्यापुढे धरून म्हणालीस, ‘साखर पुरे ना?’ तेव्हा मला हसू आवरेना. मी तुझा प्रसंग बिघडवला असं समजून ओशाळलो होतो. नंतर टेप पाहिली, तर चित्र सबंध वेळ थरथरतंय. कॅमेरामन हसत होता. त्याच्यामागे आवाजाचा माणूस हसत होता, तोही टेपमध्ये आलाय. माझ्या एडिटर बाई, ज्या पगारवाढ मिळाली तरी हसत नाहीत, त्यांनी टेप मागे नेऊन पुन्हा लावली. आणि पुन्हा.

या वयात हे तू कुठून आणलंस, मावशी? मी नियम मोडला आणि मला त्याचं काहीच वाटलं नाही.

आता कामाचं. टेप चॅनेलच्या मोठ्या बाईंना दाखवली. त्या कार्यक्रम लावायला तयार आहेत. चुकून गेलेली अभिनेत्री हयात आहे, याची मोठी जाहिरात करायची म्हणतात. त्यांची एकच अट आहे. नळ मध्ये कुठेतरी घ्यायचा, शेवट मात्र रडण्यावर हवा. तू खुर्चीत बसलेली, लोकांच्या प्रेमाने तुझे डोळे भरून आले आहेत, आणि तिथे चित्र थांबतं. त्या म्हणतात, प्रेक्षक त्यासाठीच बसतो.

मला वाटतं, हे आपण करावं. नळ तर येतोच आहे. शेवटाला एक मिनिटही लागणार नाही. मी तुझ्याकडेच कॅमेरा घेऊन येईन, तुला हलायलासुद्धा नको.

तुझा
घुम्या


३० मार्च

घुम्या,

नाही.

काल तुझ्या बायकोचा, आपल्या सूनबाईचा, फोन आला होता. तुझा कार्यक्रम त्या चुकीनंतर बंदच आहे, कपाटाला चॅनेलने कुलूप घातलंय आणि मोठ्या बाई खूश झाल्या तरच उघडणार आहे, हे मला तिच्याकडून कळलं. ‘फार मनावर घेतलेलं नाही’ काय! लहानपणी प्रगतिपुस्तकही असंच लपवायचास.

तुझी सगळी उमेद त्या कार्यक्रमात आहे, मला ठाऊक आहे. तुला त्रास व्हावा असं मला वाटेल का रे? तुझी आई गेल्यापासून माझा म्हणावा असा तू एकटा आहेस. तरीसुद्धा नाही. एकदा दारात येऊन एका माणसाने मला रडायला सांगितलं आणि मी हो म्हटलं. आता माझा भाचाच कॅमेरा घेऊन दारात येणार आणि तेच सांगणार. दुसऱ्यांदा मी हो म्हणणार नाही.

शेवट नळावर होत नसेल तर टेप मला आणून दे. मी आणि दातांचे डॉक्टर मिळून पाहू. रागात लिहिलंय असं समजू नकोस. चांगली जेवून, चष्मा पुसून लिहायला बसले आहे.

मावशी


१४ एप्रिल

ती. मावशीस,

उत्तराला उशीर झाला. तू रागावली असशील आणि मला ते चालेल, कारण आता जे लिहिणार आहे ते वाचून तो राग जाईल अशी माझी खात्री आहे.

तुझं पत्र आलं तेव्हा मी खरं सांगायचं तर चिडलो. म्हटलं, ही बाई स्वतःच्या हट्टापायी मला गाशा गुंडाळायला लावणार. तुला न विचारता शेवट करायला बसलो. जुन्या सिनेमांतलं तुझं रडणं होतंच हाताशी. माझी पद्धत तुला माहीत नाही. शेवटचं चित्र निवडताना मी आवाज बंद करतो आणि एकेक चित्र पुढे सरकवत जातो, जोवर त्यात तो माणूस सापडत नाही. नायक असो, खलनायक असो, कुठेतरी एक क्षण असा येतो की अभिनय सुटतो आणि माणूस दिसतो. तिथे मी थांबतो. त्याच्यावरच माझं नाव झालंय.

तुझ्या रडण्यात मला तो सापडेना. मी सगळे सिनेमे काढले. खिडकी, स्टेशन, दवाखाना, कोर्ट. प्रत्येक चित्र सुंदर होतं. आणि त्यात तू नव्हतीस. कुणाची तरी आई होती, फार चांगली. मी लहान असताना शेजारच्या खोलीत जिचा आवाज ऐकून मला बरं वाटायचं, ती बाई त्यात कुठेही नव्हती. आधीचा कार्यक्रम करताना हे माझ्या लक्षात कसं आलं नाही? तेव्हा बहुतेक मी तुला शोधतच नव्हतो. आयांच्या कप्प्यासाठी एक आई हवी होती, ती मिळाली आणि मी पुढच्या कामाला लागलो.

मग नळाची टेप लावली. आवाज बंद करून एकेक चित्र. तर पंचाईत उलटीच. जिथे थांबावं तिथे तू! इथेही तू, तिथेही तू, पाणी नाकावर आलेलं तरी तूच. थांबायचं कुठे?

म्हणून थांबलोच नाही. कार्यक्रमाला शेवटचं चित्रच नाही. तू नळ धरून आहेस, मी पाठमोरा हसतोय, पाणी चालू आहे आणि त्यावरच नावं सरकतात. एडिटर बाई म्हणाल्या, ‘साहेब, हा शेवट तुमचा वाटत नाही.’ मी म्हटलं, बरोबर आहे, हा मावशीचा आहे.

तो घेऊन मोठ्या बाईंकडे गेलो. सांगितलं, यात रडणं नाही, घालणारही नाही. हवा तर लावा, नाहीतर कुलपाची किल्ली तुमच्यापाशीच राहू द्या, मी दुसरीकडे जाऊन नवीन कपाट करीन. एवढं बोलून त्यांच्यासमोर टेप लावली आणि हाताची घडी घालून उभा राहिलो. ‘साखर पुरे ना’ला त्यांच्या हातातलं पेन खाली पडलं. ते उचलायला वाकल्या त्या बराच वेळ वर आल्याच नाहीत. वर आल्या तेव्हा तोंड लाल झालं होतं. म्हणाल्या, ‘रविवारी दुपारी लावा. लोकांनी नावं ठेवली तर तुमची जबाबदारी.’

माझीच आहे.

रविवारी, मावशी. चहा आधीच करून ठेव.

तुझा
घुम्या


२८ एप्रिल

प्रिय घुम्या,

दोनच ओळी लिहायच्या म्हणून बसले होते, पण माझ्या दोन ओळी तुला माहीत आहेत.

कार्यक्रम पाहायला सगळी इमारत माझ्या घरात. डॉक्टर बायकोला घेऊन आले होते, वरचं बिऱ्हाड खुर्च्या घेऊन आलं होतं, काही जण दारातच उभे. मी टीव्हीकडे पाहिलंच नाही. मागच्या भिंतीला टेकून सगळ्यांच्या तोंडांकडे पाहत राहिले. वरच्या आजोबांना ऐकू कमी येतं, ते सगळ्यांच्या नंतर हसायचे, की पुन्हा सगळे त्यांना हसायचे. डॉक्टरांच्या बायकोने डॉक्टरांच्या खांद्यात बुक्की मारली. घुम्या, तुझ्या काकांना त्या मागच्या रांगेत काय मिळत होतं, ते मला इतक्या वर्षांनी कळलं. आता ते सगळं मलाच सांगावं लागलं, घरातल्या घरात, भांडी आवरताना. सांगितलं मी त्यांना. मोठ्याने सांगितलं.

तू काम चांगलं केलंस, भल्या माणसा. कार्यक्रम परत सुरू झाला हे सूनबाईने कळवलं. तुझ्याकडे म्हणे आता सगळ्या म्हाताऱ्या नटांचे फोन येताहेत. त्या तलवारवाल्या खलनायकाला अंगाईगीत म्हणून दाखवायचं आहे हे खरं का? म्हणू दे त्याला. आणि बाकीच्या आयांना एकेक करून विचार, तुम्हाला काय दाखवायचं आहे? विचारल्याशिवाय एकीलाही त्या कप्प्यात ठेवू नकोस.

माझी टेप मात्र तू अर्धवट समज. त्याचं असं झालं, गेल्या आठवड्यात एक दिग्दर्शक घरी आला होता. पोरसवदा आहे, पण बसण्याउठण्याची रीत आहे. पत्त्यांत सगळ्या गल्लीला फसवणाऱ्या म्हातारीचं काम आहे म्हणाला, मुख्य काम. मी विचारलं, कुठे रडायचं आहे का? म्हणाला, एकाच ठिकाणी, मुलगा घर सोडून जातो तेव्हा. मी म्हटलं, जाऊ दे की त्याला. तो गेला की त्याची खोली भाड्याने देईन आणि भाडेकरूला पत्त्यांत लुटीन. खिशातून पेन काढून रडण्याचं पान तिथल्या तिथे खोडलं त्याने.

सोमवारपासून जायचं आहे. गाडी सकाळीच येते म्हणे, तेव्हा पत्राला उत्तर उशिरा आलं तर लगेच कपाटाकडे धावू नकोस. तुझे काका गेल्यापासून पहिल्यांदाच मला कुणीतरी हसवायला बोलावलं आहे.

तुझी
मावशी